दुकानासमोरचे ४३ दिवस: शांततामय प्रतिकाराचे बळ नेमके कोठून येते?

प्रश्न थोडक्यात असा आहे. इंदूरच्या जुन्या गिरणी परिसरातील एका वस्तीत मुलींच्या शाळेजवळ दारूचे दुकान आहे. ते हटावे म्हणून वस्तीतील बायका घटस्थापनेपासून रोज संध्याकाळी दुकानासमोर धरण्यावर बसत आहेत. आता ४३ दिवस झाले. कलेक्टर कार्यालयात दोनदा ज्ञापन दिले, एकदा मेणबत्त्या घेऊन मोर्चा काढला, वर्तमानपत्रात छायाचित्रही आले, पण दुकान पूर्वीसारखेच चालू आहे. वस्तीतील तरुण मुले म्हणू लागली आहेत की काचा फुटल्याशिवाय कोणी दखल घेणार नाही. प्रश्न विचारणाऱ्या ताई शाळेत शिकवतात आणि धरण्याच्या व्यवस्थेत पहिल्या दिवसापासून आहेत. त्या विचारतात की शांततेच्या मार्गाने समाजात खरोखर बदल घडतो का, की ती आपण लहानपणापासून ऐकत आलेली एक गोड समजूत आहे?

ताई, बदल घडतो, आणि हे मी केवळ श्रद्धेने सांगत नाही. तीस वर्षांहून अधिक काळ इंदूरच्या वस्त्यांमध्ये आणि निमाडच्या गावांमध्ये मी लोकांना अशा आंदोलनांसाठी तयार करण्याचे काम केले आहे. त्यात जिंकलेली आंदोलने पाहिली, तशी हरलेलीही पाहिली. मात्र तुमचे पत्र वाचून मला जे वाटले ते स्पष्ट लिहिते: तुमच्या ४३ दिवसांत शांततामय प्रतिकार अजून सुरूच झालेला नाही. तुम्ही आपले दुःख लोकांसमोर मांडले, तेही अतिशय धीराने मांडले आणि त्याची गरज होती. परंतु दुकान ज्या आधारांवर उभे आहे त्यांपैकी एकही आधार त्यामुळे हललेला नाही. दुःख दिसले की समोरच्याचे मन द्रवेल आणि तो आपणहून दुकान उचलेल, अशी अपेक्षा धरण्यामागे नकळत ठेवली जाते. माझ्या अनुभवात मन द्रवल्यामुळे सुटलेले प्रश्न फार थोडे आहेत.

या मार्गाचे बळ दुसरीकडे आहे. कोणतीही व्यवस्था, मग ती गिरणी असो, राज्य असो की दारूचे दुकान असो, अनेक लोकांच्या रोजच्या सहकार्यावर चालते. ते सहकार्य शांतपणे, ठरवून आणि एकजुटीने काढून घेतले की व्यवस्था अडते, आणि अडल्यावर बोलणी सुरू होतात.

मार्च १९१८ च्या अखेरीस गांधीजी हिंदी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदासाठी आपल्या इंदूरला आले होते. त्या संमेलनाची आठवण येथे अभिमानाने सांगितली जाते, पण गांधीजी तेव्हा कोठून आले होते याचा उल्लेख सहसा होत नाही. अहमदाबादच्या गिरणी कामगारांचा लढा १८ मार्चला संपला होता आणि २२ मार्चला खेडा जिल्ह्यातील शेतकऱ्यांचा सत्याग्रह सुरू झाला होता, म्हणजे या दोन लढ्यांच्या सांध्यावर ते इंदूरला पोहोचले. अहमदाबादचा लढा महागाईच्या दिवसांतील पगारवाढीसाठी होता. कामगारांची मागणी ३५ टक्क्यांवर आणून ठेवली होती आणि मालक २० टक्क्यांवर अडून बसले होते. साबरमतीच्या काठी बाभळीच्या झाडाखाली रोज सभा भरत असे, रोज एक पत्रक निघत असे. कामगारांकडून गांधीजींनी चार अटी मान्य करून घेतल्या होत्या: हिंसा करायची नाही, कामावर जाऊ इच्छिणाऱ्याला त्रास द्यायचा नाही, भिक्षेवर जगायचे नाही, आणि संप कितीही लांबला तरी दुसरे प्रामाणिक काम करून पोट भरायचे पण डगमगायचे नाही. शेवटची अट नुसती बोलण्यापुरती राहिली नाही, कारण आश्रमाच्या बांधकामावर वाळू वाहण्याचे काम संपकऱ्यांना दिले गेले. या चार अटींपैकी दोन पोटाविषयी आहेत, हे मी माझ्या प्रत्येक शिबिरात दाखवून देते. संध्याकाळची चूल कशी पेटेल याचा विचार ज्या आंदोलनाने केलेला नाही, ते आंदोलन थकवा आल्यावर मोडते किंवा दगडाकडे वळते. तुमच्या मुलांच्या तोंडी आज जो दगड आला आहे, त्यामागे मला राग कमी आणि थकवा जास्त दिसतो.

आता तुमच्या दुकानाकडे याच दृष्टीने पाहू. दुकान कशावर उभे आहे? त्याला परवाना लागतो. मध्य प्रदेशात दारूच्या ठेक्याचे वर्ष १ एप्रिल ते ३१ मार्च असे असते, आणि नूतनीकरणाची किंवा लिलावाची धावपळ फेब्रुवारी-मार्चमध्ये होते. त्याला जागा लागते, आणि ती जागा बहुधा ठेकेदाराची नसते, वस्तीतल्याच कोणाकडून तरी भाड्याने घेतलेली असते. त्याला गिऱ्हाईक लागते, आणि त्यातले बरेच तुमच्याच गल्लीतले असतात. माल उतरवणारे हात लागतात. शेजारच्या नमकीनवाल्याची, पाण्याच्या बाटल्या आणि प्लास्टिकचे पेले विकणाऱ्याची साथ लागते. आणि आबकारी विभागाच्या, म्हणजे दारूचे परवाने देणाऱ्या खात्याच्या, फाइलीत जागेबाबत कोणाचा आक्षेप नसावा लागतो. तुमची ज्ञापने कलेक्टर कार्यालयात पोहोचली, पण परवान्याच्या फाइलीत पोहोचली का, हे तुमच्या पत्रात नाही. ते आधी तपासा. धरणे संध्याकाळी दुकानासमोर आहे, परंतु निर्णय दुपारी दुसऱ्याच इमारतीत होतो.

या बाबतीत मला आंध्रातल्या नेल्लोर जिल्ह्याचे उदाहरण सर्वांत जवळचे वाटते. १९९२ च्या सुमारास दुबगुंटा नावाच्या गावात साक्षरता वर्गात येणाऱ्या बायकांनी आपल्या गावातले देशी दारूचे दुकान बंद पाडले. ती गोष्ट धड्याच्या रूपाने इतर गावांच्या साक्षरता वर्गांत वाचली गेली, आणि गावामागून गाव उठले. त्या बायका दुकानांसमोर बसल्याच, पण त्यांनी आपले सर्व बळ ठेक्यांच्या लिलावावर केंद्रित केले. लिलावाच्या ठिकाणी त्या शेकडोंनी जमत आणि लिलाव पुन्हा पुन्हा पुढे ढकलावे लागत. बोली लावायला ठेकेदारच येईनात, तेव्हा सरकारच्या तिजोरीपर्यंत गोष्ट पोहोचली. १ ऑक्टोबर १९९३ पासून त्या राज्यात देशी दारूवर बंदी आली आणि जानेवारी १९९५ मध्ये संपूर्ण दारूबंदी झाली. ती पूर्ण बंदी १९९७ मध्ये उठवली गेली, कारण महसूल हवा होता, हेही सांगितले पाहिजे. मिळवलेले टिकवण्यासाठी वेगळी बांधणी लागते आणि ती तिथे पुरेशी राहिली नाही, असे माझे मत आहे. तरीही त्या निरक्षर म्हणवल्या गेलेल्या बायकांनी लिलाव ही नेमकी नस ओळखली, हे मला आजही थक्क करणारे वाटते.

तुमच्या बाजूने एक नियमही आहे. २०२३-२४ च्या आबकारी धोरणात राज्य सरकारने दुकानांना जोडलेले अहाते, म्हणजे बसून पिण्याच्या जागा, बंद केले आणि शाळा, मुलींची वसतिगृहे व धार्मिक स्थळे यांच्यापासून दुकानाचे अंतर ५० मीटरवरून १०० मीटर केले. तुम्ही ‘शाळेजवळ’ असे लिहिले आहे. किती जवळ? कोणत्या दारापासून कोणत्या दारापर्यंत, कोणत्या वाटेने? हे मोजलेले नसेल तर तुमचे पहिले काम तेच. यावर्षीचे धोरण हाती घेऊन त्यातील अंतराचे कलम आणि मोजणीची रीत शब्दशः वाचा, मग वस्तीतील पाच जबाबदार माणसांसमोर फितीने मोजा, लिहून काढा आणि सह्या घ्या.

नियम कागदावर असतो आणि वस्तीत नसतो, हा अनुभव आपल्याकडे नवा नाही. इंदूरजवळच्या महूत जन्मलेल्या डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी महाडला जो सत्याग्रह केला, तो अशाच कागदी नियमासाठी होता. सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले असावेत असा बोले यांचा ठराव मुंबई कायदे कौन्सिलमध्ये १९२३ मध्ये मंजूर झाला होता, आणि महाडच्या नगरपालिकेनेही १९२४ मध्ये आपले तळे खुले केल्याचा ठराव केला होता. तीन वर्षे त्या ठरावाचा एक थेंबही कोणाच्या ओंजळीत आला नाही. २० मार्च १९२७ रोजी हजारो माणसे रांगेने चवदार तळ्यावर गेली आणि पाणी प्याली. त्यांनी कोणाकडे काही मागितले नाही, आपल्याकडे असलेला हक्क वापरला. सत्याग्रहाची इतकी स्वच्छ कृती मला दुसरी ठाऊक नाही.

त्यानंतर जे घडले ते तुमच्या मुलांना मुद्दाम सांगा. हे लोक आता मंदिरात शिरणार, अशी अफवा गावात उठवली गेली आणि परिषदेच्या मंडपावर, जेवत असलेल्या माणसांवर, परतीच्या वाटेवरच्या लोकांवर लाठ्या चालल्या. परिषदेला आलेल्यांत लष्करात नोकरी केलेली माणसे होती, प्रतिकार करण्याची ताकद आणि सवय दोन्ही त्यांच्याकडे होती. बाबासाहेबांनी त्यांना आवरले आणि ती माणसे आवरली गेली. डिसेंबरमध्ये पुन्हा सत्याग्रहासाठी हजारो जमले, तेव्हा न्यायालयाचा तात्पुरता मनाई हुकूम आलेला होता. बाबासाहेबांनी तळ्यावर जाणे स्थगित केले आणि लढा न्यायालयात नेला. १९३७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात अस्पृश्यांच्या बाजूचा निकाल कायम झाला. जमलेल्या, तापलेल्या लोकांना ‘आज थांबायचे आहे’ असे सांगणे हे चाल करून जाण्यापेक्षा कितीतरी अवघड असते, हे ज्याने कधी माईक हातात धरला आहे त्याला कळेल.

दगडाविषयी आता सविस्तर लिहिते, कारण तुमचा खरा प्रश्न तिथे आहे.

एरिका चेनोवेथ आणि मारिया स्टीफन या दोन अभ्यासकांनी १९०० ते २००६ या काळातील जगभरच्या ३२३ मोठ्या लढ्यांची तुलना केली. त्यात अहिंसक लढ्यांपैकी ५३ टक्के यशस्वी ठरले, आणि सशस्त्र लढ्यांपैकी २६ टक्के. हे लढे राजवटी उलथवण्याचे किंवा परकी सत्ता घालवण्याचे होते, म्हणून हे आकडे दारूच्या दुकानाला जसेच्या तसे लावता येणार नाहीत. पण त्यामागचे कारण लावता येते. अहिंसक लढ्यात माणसे अधिक येतात, आणि वेगवेगळ्या थरांतून येतात. तुमच्या धरण्यावर आज साठीच्या आजी बसतात, कडेवर मूल घेतलेली सून बसते, शाळेतल्या मुलींच्या आया बसतात. ज्या दिवशी पहिली काच फुटेल, त्या दिवशी या तिघीही घरी राहतील, किंवा घरचे त्यांना ठेवून घेतील. उरतील वीस-पंचवीस तरुण, आणि त्यांना कसे हाताळायचे हे पोलिसांना तुमच्यापेक्षा चांगले ठाऊक आहे.

मी हे जवळून पाहिले आहे. पुष्कळ वर्षांपूर्वी आमच्या एका मोर्चात, वाटेतल्या चौकात, गर्दीतून एक बाटली फेकली गेली. ती कोणी फेकली हे आम्हाला शेवटपर्यंत कळले नाही. आमचा माणूस असेल, बाहेरचाही असेल. दुसऱ्या दिवशीच्या बातमीत आमची मागणी नव्हती, बाटली होती. आमच्या तीन मुलांवर गुन्हे दाखल झाले. पुढची काही वर्षे वर्गणी, वेळ आणि मनःशांती कोर्टाच्या तारखांत गेली, आणि ज्या प्रश्नासाठी मोर्चा काढला होता तो प्रश्न मागेच राहिला. त्या मोर्चाची तयारी करताना मी मुलांना घोषणा शिकवल्या होत्या, घोषवाक्यांचे फलक रंगवून घेतले होते, पण कोणी बाटली उचलली तर शेजारच्याने काय करायचे हे शिकवले नव्हते. ती चूक माझी होती आणि ती मी पुन्हा केली नाही.

आता तर कायदाही बदलला आहे. सार्वजनिक व खासगी मालमत्तेच्या नुकसानीच्या वसुलीसाठी मध्य प्रदेशने २०२१ मध्ये स्वतंत्र कायदा केला. त्यात दावा अधिकरण आहे, नुकसानीच्या दुपटीपर्यंत वसुलीची तरतूद आहे, आणि जबाबदारी दगड मारणाऱ्यापुरती थांबत नाही, चिथावणी देणाऱ्यांपर्यंतही पोहोचू शकते. त्या वस्तीत कोणाकडे एवढे पैसे आहेत? एका काचेपायी एखाद्या घराची जमा पुंजी जाईल.

परंतु मुलांना केवळ ‘नको’ म्हणून चालत नाही, त्यांना काम द्यावे लागते आणि शिकवावे लागते. शांत राहणे हा स्वभाव असतो अशी आपली समजूत आहे. प्रत्यक्षात ते कसब आहे, आणि तालमीने येते. अमेरिकेतील जेम्स लॉसन हे तरुण धर्मोपदेशक १९५० च्या दशकात तीन वर्षे आपल्या नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात होते आणि येथे असताना त्यांनी गांधीजींच्या पद्धतीचा अभ्यास केला. परत गेल्यावर नॅशव्हिल शहरात त्यांनी विद्यार्थ्यांचे वर्ग घेतले. चर्चच्या खोलीत काही विद्यार्थी गोरे गुंड होत, शिव्या देत, तोंडावर सिगारेटचा धूर सोडत, खुर्चीवरून खाली ओढत, आणि बाकीच्यांनी हात न उचलता, मान न झुकवता बसून राहायचे. अशा अनेक महिन्यांच्या तालमीनंतर फेब्रुवारी १९६० मध्ये ते विद्यार्थी केवळ गोऱ्यांसाठी राखलेल्या उपाहारगृहांत जाऊन बसले. कोणीही उलट हात उचलायचा नाही, ताठ बसायचे, तोंड नेहमी टेबलाकडे ठेवायचे, असे लेखी नियम त्यांच्याजवळ होते. काळ्या समाजाने बाजारपेठेवर बहिष्कार घातला, व्यापाऱ्यांचे उत्पन्न घटले, आणि मे महिन्यात ती उपाहारगृहे सर्वांना खुली झाली. येथेही बसणे आणि बहिष्कार या दोन गोष्टी एकत्र होत्या, हे लक्षात घ्या.

आम्ही ही तालीम वस्तीच्या अंगणात घेतो. दोन ओळी समोरासमोर उभ्या करायच्या, एक दुकानाची माणसे आणि एक आपली. दुकानाच्या ओळीने खरोखरच घाण बोलायचे, आई-बहिणीवरून बोलायचे, कारण उद्या तेच ऐकावे लागणार आहे. पाच मिनिटांनी ओळी बदलायच्या. मग खाली बसून प्रत्येकाने सांगायचे की कोणत्या शब्दाला मुठी आवळल्या गेल्या. ज्याला तो शब्द कळला, त्याच्यावर त्या शब्दाचा ताबा कमी होतो. ज्याला आपण शांत राहू शकणार नाही असे वाटते, त्याने पुढच्या रांगेत बसू नये. पाणी, दवाखाना, चित्रीकरण, मुलांची सोय अशी कामे त्याने घ्यावीत, आणि त्यात काहीही कमीपणा नाही. सर्वांत तापट दोन मुलांना मी नेहमी स्वयंसेवकांचे पट्टे बांधते. गर्दीत कोणी हात उचलला तर त्याला चारही बाजूंनी वेढून खाली बसवायचे आणि सर्वांनी खाली बसायचे, हे त्यांचे काम. बसलेल्या गर्दीतून दगड येत नाही, आणि आलाच तर कोणाकडून आला हे सर्वांना दिसते.

पिणाऱ्यांशी कसे वागायचे, हाही अहिंसेचाच प्रश्न आहे. काही ठिकाणी दारुड्यांना खांबाला बांधणे, तोंडाला काळे फासणे असे प्रकार झाले आणि त्यांची वाहवाही झाली. मला ते मान्य नाही. तो कोणाचा तरी बाप आहे, त्याच्या मुलीसमोर त्याला नागवून मुलीचे काय भले होणार? त्याऐवजी रोज चारच बायकांनी, त्याच गल्लीतल्या, नाव घेऊन, ‘दादा, आज नको’ एवढेच म्हणायचे. हे फार साधे वाटते. परंतु दुकानाची संध्याकाळची विक्री ज्या दिवशी खरोखर घटते, तो दिवस बहुधा अशा चार बायकांनी आणलेला असतो.

धरण्याच्या जागेबाबत सावध राहा. शांततेने आणि विनाशस्त्र जमण्याचा अधिकार संविधानाच्या कलम १९ मध्ये आहे, पण सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२० मध्ये स्पष्ट केले आहे की सार्वजनिक रस्ता अनिश्चित काळासाठी अडवता येत नाही. तेव्हा रस्ता सोडून बाजूला बसा. इंदूरमध्ये डिसेंबर २०२१ पासून पोलीस आयुक्त पद्धत आहे, म्हणून मनाई आदेश आणि परवानगी तिकडून येतात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६३ खालचा, म्हणजे पूर्वीच्या १४४ चा, आदेश लागू आहे का हे प्रत्येक आठवड्याला पाहा. परवानगीचा अर्ज करा, पोच घ्या, पोच जपून ठेवा. सूर्यास्तानंतर बायकांना अपवादात्मक परिस्थितीखेरीज अटक करता येत नाही, हे तुमच्या प्रत्येक बाईला पाठ असले पाहिजे.

तुमच्या पत्रात शेवटी आमरण उपोषणाचा उल्लेख आहे. माझा सल्ला स्पष्ट आहे: आत्ता नको. अहमदाबादच्या लढ्यात कामगार डगमगू लागले तेव्हा गांधीजी उपोषणाला बसले आणि तीन दिवसांत लवादाची तडजोड झाली, पण मालकांशी आपले स्नेहाचे संबंध असल्यामुळे त्या उपोषणाचा दबाव त्यांच्यावर पडला आणि हा त्यातील दोष होता, असे त्यांनी स्वतःच लिहून ठेवले आहे. साने गुरुजी पंढरपूरचे विठ्ठल मंदिर हरिजनांना खुले व्हावे म्हणून १ मे १९४७ पासून उपोषणाला बसले आणि दहाव्या दिवशी ते सुटले. लोकांना हे दहा दिवस आठवतात. त्याआधीचे काही महिने ते महाराष्ट्रभर गावोगाव हिंडून लोकमत तयार करत होते, ते आठवत नाहीत. ज्यांच्या मनात तुमच्याविषयी आधीच जागा आहे, त्यांच्यावरच उपोषणाचा परिणाम होतो. ठेकेदाराच्या मनात तुमच्यासाठी कोणती जागा आहे?

आणि हे सर्व करूनही हार होऊ शकते, हे मी तुमच्यापासून लपवणार नाही. आपल्या शेजारच्या खंडवा जिल्ह्यात घोगलगावच्या लोकांनी २०१२ मध्ये ओंकारेश्वर धरणाच्या वाढत्या पाण्यात १७ दिवस उभे राहून जलसत्याग्रह केला. त्यांच्या पायांची कातडी सोलवटली. सरकारने पाण्याची पातळी १८९ मीटरवर आणण्याचे आणि जमिनीच्या बदल्यात जमीन देण्याचे मान्य केले. त्याच सुमारास हरदा जिल्ह्यात इंदिरा सागरच्या पाण्यात उभ्या असलेल्या सत्याग्रहींना मात्र पोलिसांनी बाहेर काढले. २०१५ मध्ये पातळी १९१ मीटरकडे नेली जाऊ लागली, तेव्हा घोगलगावचे लोक पुन्हा पाण्यात उतरले, या वेळी ३२ दिवस, आणि मागणी मान्य न होता त्यांना बाहेर यावे लागले. गाव तेच, नदी तीच, धैर्य अधिकच. मग फरक कशाचा? माझ्या मते दोन गोष्टींचा. २०१२ मध्ये विधानसभेची निवडणूक जेमतेम वर्षावर होती, २०१५ मध्ये ती तीन वर्षांहून दूर होती. आणि पहिल्या वेळी सरकारला या कृतीचे उत्तर ठाऊक नव्हते, दुसऱ्या वेळी ते तयार होते. तुमचे धरणेही आता दुकानाला ठाऊक झाले आहे. त्रेचाळिसावा दिवस चौथ्या दिवसासारखाच असेल, तर तो दुकानाला जड जात नाही.

म्हणून रोजचे धरणे आठवड्यातून एका दिवसावर आणा, आणि तो दिवस भरगच्च करा. इंदूरची हुकूमचंद मिल ही कापड गिरणी बंद पडल्यावर आपल्या थकबाकीसाठी कामगारांनी तीस वर्षांहून अधिक काळ न्यायालयात आणि मिलच्या दारात लढा चालू ठेवला, आणि डिसेंबर २०२३ मध्ये सुमारे ४,८०० कामगारांच्या किंवा त्यांच्या वारसांच्या वाट्याला २२४ कोटी रुपये आले. वाट पाहता पाहता कितीतरी माणसे गेली. माझ्या वडिलांच्या मित्रांपैकी काही त्यात होते, त्यामुळे या विजयाचे मला निर्भेळ कौतुक करता येत नाही. पण ती माणसे रोज बसून राहिली असती तर वर्षभरात विखुरली असती. ती भेटत राहिली, हिशेब ठेवत राहिली, वकिलाला सोडले नाही. तुमच्या वस्तीतली जी घरे त्या लढ्यात होती, तिथल्या म्हाताऱ्यांना बोलावून त्यांची हजेरी-वही दाखवायला सांगा. एवढे शिक्षण दुसरे कोणी देणार नाही.

आठवड्याचे उरलेले दिवस पुढील कामांना द्या. अंतराची मोजणी आणि तिची सह्यांसह प्रत आबकारी विभागाच्या फाइलीत. मंगळवारच्या जनसुनवाईत, म्हणजे अधिकारी लोकांच्या तक्रारी ऐकतात तिथे, दर वेळी नव्या पाच बायका, तोच अर्ज, नवी पोच. घरमालकाकडे त्याच्या बहिणीला, मेहुणीला सोबत घेऊन जाणे, भांडायला नव्हे, भाडेकरार कधी संपतो हे विचारायला. पार्षदांकडून, म्हणजे नगरसेवकांकडून, लेखी मत, तोंडी नको. शाळेच्या पालक सभेचा ठराव. आणि जानेवारी संपण्याच्या आत या सर्वांची एक फाइल, म्हणजे फेब्रुवारीत नूतनीकरणाचा कागद हलू लागेल तेव्हा ती तिथे आधीच पोहोचलेली असेल.

बोलणीला बोलावले जाण्याआधी एक गोष्ट वस्तीत बसून ठरवा: कशावर तुम्ही समाधान मानाल? दुकान बंद व्हावे, की दुसरीकडे जावे? दुसरीकडे म्हणजे शेजारच्या गरीब वस्तीत गेले तर चालेल का? हा शेवटचा प्रश्न बहुतेक आंदोलने स्वतःला विचारत नाहीत, आणि मग एका वस्तीच्या बायकांचा विजय दुसऱ्या वस्तीच्या बायकांच्या दारात जाऊन बसतो. त्या शेजारच्या वस्तीतल्या दोघींना आजपासूनच आपल्या बैठकीला बोलवा.

मी रविवारी सकाळी रामबागेत असते. ज्या मुलांनी काचांची भाषा केली त्यांना घेऊन या, आणि येताना तीस मीटरची फीत, कोरी वही आणि शाळेच्या दोन्ही दारांची छायाचित्रे आणा. तालीम दुपारपर्यंत होईल, आणि उन्हं उतरल्यावर आपण सगळे मिळून मोजायला जाऊ.